जिगोकुदानी: माकडे गरम पाण्यात का बसतात?

जपानच्या नागानो प्रांतातील जिगोकुदानी ही दरी हिवाळ्यात जवळजवळ चार महिने बर्फाखाली असते. समुद्रसपाटीपासून ८५० मीटर उंचीवरच्या या दरीत जानेवारीतील थंडी शून्याखाली दहा अंशांपर्यंत सहज उतरते. अशा थंडीत दरीच्या तळाशी, योकोयु नदीच्या काठावरच्या एका वाफाळत्या कुंडात लाल तोंडाची माकडे गळ्याइतक्या पाण्यात डोळे मिटून बसलेली असतात. नागानो शहरातून सकाळी निघायचे, वाटाड्याबरोबर जंगलवाट चालून ही माकडे पाहायची आणि परतताना शिबु किंवा युदानाका या गावांतल्या गरम पाण्यात स्वतः उतरायचे, अशी अर्ध्या दिवसाची सहल इथे होते. जपानमध्ये गरम पाण्याचे झरे आणि त्यांभोवतीची स्नानस्थळे या दोहोंना ओन्सेन म्हणतात.

हे दृश्य पाहताना जवळजवळ प्रत्येकाला एकच शंका येते. माकड पाण्यात आहे तोवर ठीक. पण नखशिखान्त भिजलेला प्राणी उणे दहा अंशांच्या हवेत बाहेर आल्यावर गारठून मरत कसा नाही? त्याच्याकडे ना टॉवेल, ना कोरडे कपडे, ना शेकोटी. या शंकेचे उत्तर माकडाच्या अंगावरच्या केसांत आहे. पण ते माकड त्या पाण्यापर्यंत पोहोचले कसे, हे समजायला आधी जमिनीखाली आणि मग थोडे इतिहासात डोकवावे लागते.

पाणी गरम होते कुठे?

जपानच्या पूर्वेला पॅसिफिक महासागराचा तळ वर्षाला काही सेंटिमीटर या वेगाने जपानच्या खाली सरकत आहे. तो खाली जाताना समुद्राचे पाणीही बरोबर नेतो. हे पाणी पोकळ्यांत साठलेले नसते; ते खडकातील खनिजांच्या घडणीत अडकलेले असते. सुमारे १०० किलोमीटर खोलीवर दाब आणि उष्णता इतकी वाढते की खनिजांना ते धरून ठेवता येत नाही आणि पाणी वरच्या तप्त खडकात शिरते. खडकात पाणी मिसळले की तो कमी तापमानाला वितळतो. असा वितळलेला खडक, म्हणजे शिलारस, हलका असल्यामुळे वर चढतो आणि काही किलोमीटर खोलीवर साठून राहतो. त्यातला थोडासाच ज्वालामुखीतून बाहेर पडतो. जपानमध्ये आज १११ ज्वालामुखी जागृत मानले जातात, आणि बहुतेक गरम झरे त्यांच्याच आसपास आहेत.

जिगोकुदानी ज्या शिगा पठाराच्या पायथ्याशी आहे ते पठार ज्वालामुखीनेच घडवलेले आहे. डोंगररांगेच्या पलीकडे, गुन्मा प्रांताच्या हद्दीवर, कुसात्सु-शिराने हा ज्वालामुखी अजूनही जागा आहे. २०१८ च्या जानेवारीत त्याचा स्फोट झाला होता. डोंगरावरचे बर्फ वितळून पाणी भेगांतून खाली झिरपते, तप्त खडकाजवळ तापते, वाटेत क्षार विरघळवून घेते आणि दुसऱ्या भेगांनी परत वर येते. सगळा खेळ एवढाच आहे, पण त्याला वेळ लागतो. आज कुंडात आलेले पाणी काल पडलेल्या बर्फाचे नसते.

पाणी शांतपणे पाझरण्याऐवजी काही ठिकाणी उसळून का येते, हे स्वयंपाकघरातल्या कुकरवरून समजते. कुकरमधले पाणी दाबाखाली असल्यामुळे शंभर अंशांच्या पुढे जाऊनही उकळत नाही. शिट्टी उचलली गेली, दाब सुटला, की त्याची क्षणात वाफ होते. जमिनीखालच्या पाण्यावर वरच्या पाण्याचे वजन असते. ते वर येऊ लागते तसा दाब कमी होतो, काही भागाची एकदम वाफ होते आणि ती वाफ उरलेले पाणी घेऊन बाहेर झेपावते. जिगोकुदानीत नदीकाठीच अशी एक उसळी आहे. खडकातून गरम पाणी आणि वाफ सतत वर फेकणाऱ्या या कारंज्याला जपान सरकारने १९२७ साली नैसर्गिक स्मारकाचा दर्जा दिला. दरीला नरकाची दरी हे नाव पडले ते ही वाफ, गंधकाचा वास आणि उघडेबोडके कडे पाहूनच.

गरम झरा म्हणजे ज्वालामुखी असलाच पाहिजे असे मात्र नाही. वज्रेश्वरी-गणेशपुरी, दापोलीजवळचे उन्हवरे, संगमेश्वरजवळचे तुरळ, राजापूरजवळचे उन्हाळे या कोकणातल्या झऱ्यांखाली आज कोणताही शिलारस नाही. दख्खनचा लाव्हा थंड होऊन सहा कोटींहून अधिक वर्षे लोटली. तिथे पाणी भेगांतून खूप खोल जाते आणि पृथ्वीच्या पोटातल्या साध्या उष्णतेनेच तापते. दर किलोमीटर खोलीला तापमान साधारण २५ ते ३० अंशांनी वाढते, त्यामुळे दीड-दोन किलोमीटर खाली जाऊन झटपट वर आलेले पाणी अंगाला चटका देण्याइतके गरम असते. खुद्द जपानमध्येही कोबे शहराजवळच्या अरिमा या प्राचीन ओन्सेनच्या शेजारी ज्वालामुखी नाही.

ओन्सेन कशाला म्हणायचे हे जपानमध्ये कायद्याने ठरलेले आहे. १९४८ च्या ओन्सेन कायद्यानुसार उगमाशी पाणी २५ अंश किंवा त्याहून गरम असावे लागते, किंवा यादीतल्या १९ घटकांपैकी एखादा तरी ठरावीक प्रमाणात असावा लागतो. या ‘किंवा’मुळे थंड पण खनिजयुक्त पाणीही कायद्याने ओन्सेन ठरते आणि हॉटेलवाले ते बिनदिक्कत तापवून देतात.

सफरचंदांच्या बागा आणि एक धाडसी पिल्लू

जपानी माकड हे मॅकाक कुळातले. माथेरानला पर्यटकांच्या हातातली कणसे हिसकावणारे लाल तोंडाचे माकड त्याच कुळातले, जवळचे नातलग. जपानी माकडाचे शेपूट आखूड, अंग ठेंगणे व जाडजूड आणि थंडीत केस अतिशय दाट. नर साधारण ११ किलोचा, मादी ८ किलोच्या आसपास. माणूस सोडला तर जगातला कोणताही वानरवर्गीय प्राणी इतक्या उत्तरेला रानात राहत नाही. होन्शू बेटाच्या उत्तर टोकावरचा शिमोकिता द्वीपकल्प ही या प्राण्याची उत्तर सीमा. त्यापलीकडची सामुद्रधुनी ओलांडून तो होक्काइडोला कधी पोहोचला नाही.

जिगोकुदानीच्या परिसरात माकडे पूर्वापार होती, पण ती पाण्यात बसत नव्हती. गेल्या शतकाच्या पन्नाशीच्या दशकात शिगा पठारावर झाडे तुटली, स्कीइंगची मैदाने उभी राहिली आणि माकडांचे टोळके खालच्या खेड्यांकडे सरकले. नागानो सफरचंदांचा प्रांत आहे. माकडांनी बागा लुटायला सुरुवात केली तेव्हा शेतकऱ्यांना ती मारून हवी होती. कोकणातल्या नारळ-आंब्याच्या बागायतदाराला हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. त्या वेळी हारा सोगो या स्थानिक निसर्गप्रेमी गृहस्थांनी दुसरा मार्ग काढला. माकडांना दरीतच खाणे टाकले, तर ती बागांकडे जाणार नाहीत.

दरीत कोराकुकान नावाची एक जुनी सराई आहे, १८६४ सालची. तिचे उघड्यावरचे स्नानकुंड नदीकाठी आहे. साठीच्या दशकाच्या सुरुवातीला एक कमी वयाची मादी पाण्यात पडलेल्या खाण्यासाठी कुंडात उतरली आणि तिथेच रेंगाळली, असे सांगितले जाते. तिच्यामागून दुसरी पिल्ले उतरली. पाहुण्यांना सुरुवातीला मौज वाटली असेल. पण माकडे पाण्यातच विधी उरकतात, तेव्हा माणसांनी आणि माकडांनी एकाच पाण्यात बसणे परवडणारे नव्हते. माकडांसाठी वेगळे कुंड बांधले गेले. १९६४ साली जिगोकुदानी माकड उद्यान रीतसर सुरू झाले.

पुढची प्रसिद्धी छायाचित्रांनी केली. १९७० च्या जानेवारीत अमेरिकेच्या ‘लाइफ’ साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर बर्फाळलेल्या डोक्याचे एक माकड झळकले, आणि १९९८ च्या नागानो हिवाळी ऑलिंपिकसाठी आलेल्या पत्रकारांनी उरलेले काम केले. ‘निसर्गाचा चमत्कार’ म्हणून विकले जाणारे हे दृश्य म्हणजे प्रत्यक्षात शेतकऱ्यांच्या तक्रारीवर शोधलेला तोडगा आहे. माकडे रानटी आहेत, पिंजऱ्यात नाहीत, रात्री डोंगरात झोपतात. पण दिवसा ती दरीत येतात ती कर्मचारी टाकतात त्या धान्यासाठी. कुंडही माणसाने बांधलेले आहे आणि त्यातले पाणी सुमारे ४० अंशांवर राहील अशी सोय केलेली आहे. हे जाणून गेलेल्या पाहुण्याची निराशा होत नाही. न जाणता गेलेल्याची होते.

सवय पसरते कशी?

आंघोळ ही जपानी माकडाची उपजत प्रवृत्ती असती तर गरम झऱ्यांनी भरलेल्या त्या देशात जागोजागी माकडे पाण्यात दिसली असती. तशी ती दिसत नाहीत. रानटी टोळ्यांमध्ये नेमाने आंघोळ करणारी म्हणून हीच एक टोळी ओळखली जाते. होक्काइडोतील हाकोदाते शहरात माकडे गरम पाण्यात बसतात, पण ती तिथल्या उद्यानात माणसाने नेऊन ठेवलेली, कुंपणातली आहेत.

म्हणजे ही सवय शिकलेली आहे. माकडे एकमेकांचे पाहून शिकतात हे जपानी संशोधकांनी जिगोकुदानीच्या आधीच नोंदवून ठेवले होते. क्योटो विद्यापीठाचे इमानिशी किन्जी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४८ पासून मियाझाकी प्रांतातल्या कोशिमा बेटावरच्या माकडांचा अभ्यास सुरू केला. प्रत्येक माकडाला नाव द्यायचे आणि त्याचे आयुष्यभराचे नातेसंबंध लिहून काढायचे, ही त्यांची पद्धत. पाश्चात्त्य शास्त्रज्ञांना ती तेव्हा भाबडी वाटली. १९५३ साली इमो नावाच्या दीड वर्षाच्या मादीने वाळू लागलेले रताळे पाण्यात धुऊन खाल्ले आणि ते मितो सात्सुए या स्थानिक शिक्षिकेच्या नजरेस पडले. पुढच्या काही वर्षांत आधी इमोच्या सवंगड्यांनी आणि आईने, मग इतरांनी ही पद्धत उचलली. प्रौढ नर सर्वांत मागे राहिले.

जिगोकुदानीतही ओळख अशीच पिल्लांकडून सुरू झाली आणि मायलेकींच्या साखळीने पुढे गेली. जपानी माकडांच्या टोळीत माद्या जन्मभर जन्मलेल्या टोळीतच राहतात. नर वयात आल्यावर टोळी सोडतात आणि दुसऱ्या टोळीत शिरतात. त्यामुळे टोळीचा कणा म्हणजे मायलेकी-बहिणींची घराणी. प्रत्येक घराण्याला दर्जा असतो आणि मुलीला तो आईकडून मिळतो. बहिणींमध्ये बहुधा धाकटी वरचढ असते, कारण भांडणात आई धाकटीची बाजू घेते.

हा दर्जा कुंडात स्पष्ट दिसतो. कुंड लहान, उबदार जागा मोजक्या. वरच्या घराण्यातल्या माद्या कडेच्या दगडाला टेकून पाण्यात बसतात, एखादी दुसरीच्या पाठीतले केस निवडत असते, पिल्लू पोटाशी धरलेले असते. खालच्या दर्जाची मादी काठावर पाय पाण्यात सोडून बसते आणि वरचीने नुसते वळून पाहिले तरी उठून जाते. टोळीतली सगळी माकडे नेमाने आंघोळ करत नाहीत. मोठे नर तर फार थोडे. मोठ्या अंगाला वजनाच्या मानाने पृष्ठभाग कमी असतो, त्यामुळे नराची उष्णता मादीपेक्षा आणि पिल्लापेक्षा सावकाश जाते. नरांच्या नावडीमागे हे एक कारण असू शकते.

ओले माकड गारठत का नाही?

उष्णता नेहमी गरम वस्तूकडून थंड वस्तूकडे वाहते. माकडाचे शरीर ३७-३८ अंशांचे; बाहेरची हवा उणे दहा. फरक जवळजवळ ४८ अंशांचा. तो पेलण्यासाठी माकड शरद ऋतूत खाऊन चरबी साठवते आणि अंगावर दाट केस वाढवते. केस स्वतः गरम नसतात. ते आपल्या जाळ्यात हवा अडकवून ठेवतात आणि स्थिर हवेतून उष्णता फार हळू जाते. तरीही हिवाळ्यात खायला झाडांच्या साली आणि कळ्याच उरतात. जेवढी ऊर्जा खर्च होते तेवढी मिळत नाही, म्हणून वसंतापर्यंत माकडांचे वजन घटत जाते.

४० अंशांच्या पाण्यात शिरल्यावर हा हिशेब उलटतो. पाणी शरीरापेक्षा गरम, म्हणून उष्णता आत येऊ लागते. आणि पाणी हवेच्या सुमारे २५ पट चांगले वाहक असल्यामुळे ती वेगाने येते. शरीराला ऊब टिकवण्यासाठी जे इंधन जाळावे लागते ते तेवढा वेळ वाचते.

खरी अडचण बाहेर येताना. एक ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला सुमारे ५८० कॅलरी उष्णता लागते आणि ती जवळच्या वस्तूतून ओढून घेतली जाते. आंघोळीनंतर माणूस कुडकुडतो तो यामुळेच. त्याच्या उघड्या कातडीवरच पाण्याचा पातळ थर असतो, तो वाफ होताना थेट कातडीची उष्णता नेतो. शिवाय गरम पाण्याने कातडीजवळच्या रक्तवाहिन्या फुगलेल्या असतात आणि बाहेर आल्यावरही काही वेळ घाम येतच राहतो, म्हणजे आतून आणखी पाणी.

माकडाच्या बाबतीत या दोन्ही गोष्टी कमी घडतात. माणसाइतका घाम कोणत्याच माकडाला येत नाही. आणि त्याच्या केसांचे दोन थर असतात, बाहेर लांब, राठ केस आणि आत दाट, मऊ लव. बाहेर आल्या आल्या माकड अंग झटकते आणि पाण्याचा मोठा भाग तिथेच उडून जातो. उरलेले पाणी बहुतांशी लांब केसांच्या टोकांना राहते. कातडीपासून ते दूर असल्यामुळे त्याची वाफ होताना जाणारी उष्णता शरीरातून कमी, हवेतून जास्त घेतली जाते. जवळून पाहिले तर हे दिसते. कुंडातून निघून बर्फात बसलेल्या माकडाच्या खांद्यावरच्या केसांची टोके काही मिनिटांत गोठून त्यांना काचेच्या मण्यांसारखे बर्फ लागते, आणि माकड निवांत बर्फ उकरून धान्याचे दाणे शोधत असते. बर्फ केसांवर वितळत नाही, याचा अर्थ आतली उष्णता बाहेर पोहोचत नाही.

संध्याकाळ झाली की टोळी डोंगरात जाते आणि रात्री माकडे एकमेकांना बिलगून गोळा करून झोपतात. एकत्र आलेल्या अंगांचा उघडा पृष्ठभाग कमी होतो. ऊब टिकवण्याचा हा उपाय आंघोळीपेक्षा कितीतरी जुना आहे आणि तो देशातली सगळीच टोळकी वापरतात.

आंघोळीचा माकडांना खरेच फायदा होतो का, हे क्योटो विद्यापीठाच्या संशोधकांनी तपासले; निष्कर्ष २०१८ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांनी १२ प्रौढ माद्यांवर नजर ठेवली आणि त्यांच्या विष्ठेतल्या ताणाच्या संप्रेरकांचे प्रमाण मोजले. संप्रेरक म्हणजे शरीरातल्या ग्रंथी रक्तात सोडतात ते रासायनिक निरोप. थंडी, भूक, भांडणे यांनी ताणाची संप्रेरके वाढतात. हिवाळ्यात ज्या काळात माद्या आंघोळ करत होत्या त्या काळात हे प्रमाण कमी आढळले. वरच्या दर्जाच्या माद्या जास्त वेळ पाण्यात बसत होत्या. पण दर्जा राखण्यासाठी त्यांना भांडणेही जास्त करावी लागत होती, म्हणजे ऊब मिळवण्याची किंमत त्या आधीच मोजत होत्या.

वाट, वाटाड्या आणि माकडांचे शिष्टाचार

नागानो स्थानकावरून थेट बस आहे, किंवा नागानो विद्युत रेल्वेने युदानाकापर्यंत जाता येते. या मार्गावरची ‘स्नो मंकी’ नावाची जलद गाडी पूर्वी तोक्योच्या नारिता विमानतळासाठी धावणारी आहे. कानबायाशी ओन्सेनपासून उद्यानापर्यंत मोटार जात नाही, १.६ किलोमीटरची जंगलवाट चालावी लागते. वाट जवळजवळ सपाट, उंच सुगी वृक्षांमधून जाणारी, पण हिवाळ्यात तुडवलेले बर्फ गोठून तिची काच होते. सपाट तळव्याचे बूट घालून आलेले पाहुणे इथे हमखास आपटतात. बुटांना बांधायचे खिळ्यांचे पट्टे मिळतात, ते घेतलेले बरे. हा सगळा भाग जोशिन्-एत्सु कोगेन राष्ट्रीय उद्यानात येतो. नशीब असेल तर समोरच्या उतारावर कामोशिका दिसतो. हा शेळी आणि हरीण यांच्यामधल्या रूपाचा, करड्या दाट केसांचा प्राणी तासन्‌तास एकाच जागी निश्चल उभा राहतो, त्यामुळे वाटाड्याने दाखवल्याशिवाय सहसा ओळखू येत नाही.

वाटाड्याचा खरा उपयोग माकडांजवळ होतो. माकड दात दाखवते तेव्हा पाहुण्यांना ते हसते आहे असे वाटते. प्रत्यक्षात ते घाबरलेले असते आणि माघार घेत असते. तोंड उघडून रोखून पाहणे ही धमकी. म्हणूनच माकडाच्या डोळ्यांत टक लावून पाहायचे नाही, हात लावायचा नाही, खाणे द्यायचे नाही आणि खाण्याची पिशवी दिसेल अशी धरायचीही नाही. सेल्फीच्या काठ्यांना बंदी आहे. हे नियम पाळले जातात म्हणून पिल्ले पाहुण्यांच्या बुटांवरून उड्या मारत जातात आणि कोणाच्या हातातले काही ओढत नाहीत. माथेरानच्या माकडांची आणि यांची वागणूक वेगळी आहे ती स्वभावामुळे नव्हे, माणसांच्या सवयींमुळे.

ऋतू निवडताना मात्र जाहिरातींवर विसंबू नये. पाण्यात बसलेली माकडे हवी असतील तर जानेवारी-फेब्रुवारी. एप्रिल ते जून पिल्लांच्या जन्माचा काळ; तेव्हा कुंड बहुधा रिकामे, पण काठावर खेळ रंगलेला. शरदात डोंगरावर फळे-बिया मुबलक असतात आणि समागमाचा हंगामही तोच, त्यामुळे एखाद्या दिवशी माकडे दरीकडे फिरकतही नाहीत.

मग माणसाची आंघोळ

शिबु हे दगडी फरशीच्या अरुंद गल्लीचे गाव. तिथली नऊ सार्वजनिक स्नानगृहे गावातल्या सरायांत मुक्काम करणाऱ्यांसाठी असतात. दिवसापुरते आलेल्यांना त्यातले नववे, ओयु, शुल्क देऊन वापरता येते. युदानाका स्थानकाला लागूनही एक स्नानगृह आहे. गल्लीत गरम पाण्यात शिजवलेली अंडी मिळतात. बलक ६५ ते ७० अंशांना घट्ट होऊ लागतो, पांढऱ्या भागाला पूर्ण घट्ट व्हायला ८० अंशांच्या आसपास जावे लागते. मधल्या तापमानाच्या पाण्यात ठेवलेले अंडे त्यामुळे आतून घट्टसर आणि बाहेरून लिबलिबीत असते.

स्नानगृहात कपडे पूर्ण काढावे लागतात. स्त्री-पुरुषांचे भाग वेगळे असतात. कुंड अंग धुण्यासाठी नसून बसण्यासाठी असते, म्हणून आधी बाजूच्या नळाखाली बसून साबणाने स्वच्छ आंघोळ करायची, साबण पूर्ण घालवायचा आणि मगच कुंडात उतरायचे. छोटा पंचा पाण्यात बुडवायचा नाही. शिबुचे पाणी फार कढत असते. आधी बादलीने पायांवर, मग खांद्यांवर पाणी घेऊन शरीराला सवय करावी.

मानेपर्यंत पाण्यात बसल्यावर शरीराचे भासमान वजन सुमारे एक दशांश राहते, त्यामुळे सांधे आणि स्नायू सैल पडतात. कातडीतल्या रक्तवाहिन्या रुंदावतात आणि रक्तदाब उतरतो. झटकन उठले तर डोळ्यांपुढे अंधारी येते ती म्हणूनच. थंड खोलीत कपडे काढताना रक्तदाब आधी चढतो आणि गरम पाण्यात तो एकदम पडतो. जपानमध्ये दरवर्षी हजारो वृद्ध स्नानाच्या टबात मृत्यू पावतात, त्यामागे हा चढउतार हे मोठे कारण मानले जाते. हृदयविकार किंवा रक्तदाबाचा त्रास असणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारूनच उतरावे.

[चौकट]
जाण्यापूर्वी
उद्यान हिवाळ्यात, म्हणजे नोव्हेंबर ते मार्च, सकाळी ९ ते दुपारी ४ उघडे असते. इतर महिन्यांत साडेआठ ते ५. कानबायाशीपासून चालायला अर्धा तास धरावा, बर्फात थोडा जास्त. थंडीत कॅमेऱ्याची बॅटरी लवकर उतरते, जादा बॅटरी अंगाजवळच्या खिशात ठेवावी. मद्य घेतल्यावर किंवा भरपेट जेवल्यावर लगेच कुंडात उतरू नये; एका वेळी दहा-पंधरा मिनिटे पुरे, नंतर पाणी प्यावे. अंगावर गोंदण असेल तर काही स्नानगृहे प्रवेश नाकारतात, आधी चौकशी करावी.
[चौकट समाप्त]

काही पाहुणे वेळ वाचवण्यासाठी आधी आंघोळ आणि मग माकडे असा क्रम लावतात. तो टाळावा. दुपार उलटली की माकडे डोंगराकडे परतू लागतात. शिवाय गरम पाण्यातून निघालेल्या, ओल्या केसांच्या माणसाला गोठलेल्या वाटेवर जाऊन-येऊन तासभर चालणे सोसणारे नाही. माकडे सकाळी पाहावीत आणि स्नान परतीच्या गाडीआधी ठेवावे.